पन्नास रुपयांची मजुरी

नालासोपारा पूर्वेला शिलाई मशीन दुरुस्तीचे एक छोटेसे दुकान आहे. या वस्तीत अनेक घरांतल्या बायका जॉबवर्कचे कपडे शिवतात. मशीन बंद पडले की मजुरीही बंद पडते. गेल्या पावसाळ्यात आम्ही आमचे मशीन घेऊन तिथे बसलो होतो. तेवढ्यात एक अनोळखी बाई रिक्षातून मशीन घेऊन आली. सोबत लहान मुलगी होती.

"चाचा, टाके सुटतायत. माल उद्या द्यायचाय."

चाचांनी मशीन आडवे करून पाहिले. शटल पार झिजले होते. नवे घालावे लागेल म्हणत त्यांनी किंमत सांगितली. बाईने बटव्यातले पैसे मोजले, पुन्हा मोजले. "राहू द्या, पुढच्या आठवड्यात आणते."

"आणलंच आहे तर साफसफाई करून बघतो. अर्ध्या तासानं या, आपा."

ती गेल्यावर चाचांनी ड्रॉवरमधून नवे पाकीट काढले, शटल बसवले आणि जुने खिशात टाकले. आम्ही पाहतोय हे लक्षात येताच त्यांनी ओठांवर बोट ठेवले.

बाई परतली. चिंधीवर शिवून पाहिले, टाका सरळ पडला. "काय झालं होतं, चाचा?"

"चालतंय ना आता? पन्नास रुपये द्या."

ती गेल्यावर आम्ही विचारले, "मदतच करायची होती, तर पन्नास तरी का घेतले?"

"फुकट दिलं असतं तर पुढच्या वेळी ती लाजेनं आली नसती."

हजरत अबूजर (रजि.) यांनी प्रेषितांना (स.) उत्तम कर्मांविषयी विचारले, तेव्हा मिळालेल्या उत्तरात कारागिराला हातभार लावणे आणि ज्याला काम जमत नाही त्याचे काम करून देणे, हेही होते. बुखारी शरीफमध्ये ही हदीस आहे. सूरह बकराच्या 271 व्या आयतीत गरजूंना गुपचूप दिलेले दान अधिक चांगले म्हटले आहे. चाचांनी दान तर लपवलेच, पण घेणारीलाही ते जाणवू दिले नाही.

आपल्या घरांत कुणी शिंपी आहे, कुणी वायरमन, कुणी गवंडी. सदका म्हटले की आपला हात आधी खिशाकडे जातो. हातातला हुनर आठवत नाही. लिहायची परवानगी देताना चाचांनी एकच अट घातली: नाव नको, गल्लीही नको. ती आम्ही पाळली आहे.