गोलंदाज बाळू पालवणकर

आपल्या छत्रपती संभाजीनगरात छावणी आहे. छावणी म्हणजे पलटणीची राहण्याची जागा. इंग्रजांच्या राज्यात अशा छावण्या ठिकठिकाणी होत्या. तिथले गोरे साहेब क्रिकेट खेळत. मैदान झाडायला आणि रूळ ओढायला मात्र आपली माणसे असत. पुण्यात असाच रूळ ओढणारा एक पोरगा होता. पुढे तो नामांकित खेळाडू झाला. त्या बाळू पालवणकरांची हकीकत आम्ही इथे सांगतो.

बाळूंचा जन्म १८७६ साली धारवाडला झाला. घर चांभार समाजाचे. त्या काळी या समाजाला अस्पृश्य मानीत. वडील पलटणीच्या नोकरीत होते, म्हणून घरची मंडळी पुण्यास राहिली. साहेबांनी टाकून दिलेल्या बॅटी आणि चेंडू घेऊन बाळू आणि धाकटा भाऊ शिवराम खेळायला शिकले.

बाळूंना पहिले काम मिळाले ते पारशी लोकांच्या क्रिकेट क्लबात. पगार महिना ३ रुपये. १८९२ च्या सुमारास ते साहेबांच्या क्लबात लागले. तिथे ४ रुपये मिळू लागले. रूळ ओढायचा, जाळी बांधायची, आणि साहेबांना सरावासाठी चेंडू टाकायचे. बाळू डावखुरे. त्यांचा चेंडू सावकाश यायचा, पण टप्पा पडला की वळायचा. भलेभले साहेब चकायचे. ग्रेग नावाचे एक कप्तान रोज बाळूंच्या चेंडूवर सराव करीत. आपल्याला बाद केले की ते बाळूंना आठ आणे देत, असे सांगतात. चेंडू टाकायचे काम बाळूंचे. बॅट मात्र साहेबांच्या हाती.

पुण्यातल्या हिंदूंचाही एक संघ होता. त्यांना साहेबांना हरवायचे होते. बाळूंना घ्यावे की नाही, यावर वाद झाला. अखेर घेतले, कारण असा गोलंदाज दुसरा नव्हता. पण गंमत पाहा. मैदानावर बाळूंनी टाकलेला चेंडू सगळे हातात घेत. चहाची वेळ झाली की बाळूंना चहा बाहेर, आणि तोही मातीच्या वेगळ्या भांड्यात. चेंडूचा विटाळ होत नव्हता, पेल्याचा मात्र होत होता!

बाळूंनी खेळ सोडला नाही. ते मुंबईला गेले. तिथे त्यांनी पुढे रेल्वेत नोकरी केली आणि ते हिंदू जिमखान्याकडून खेळू लागले. १९०६ साली मुंबईत हिंदूंचा संघ आणि साहेबांचा संघ यांचा मोठा सामना झाला. हिंदूंनी तो १०९ धावांनी जिंकला. त्या विजयात बाळूंच्या गोलंदाजीचा मोठा वाटा होता.

१९११ साली हिंदुस्थानचा संघ विलायतेला गेला. पतियाळाचे महाराज कर्णधार होते. संघ बरेच सामने हरला. पण पस्तीस वर्षांच्या बाळूंनी त्या दौऱ्यात शंभराहून जास्त गडी बाद केले. परत आल्यावर मुंबईत दलित समाजाने त्यांचा सत्कार केला.

बाळूंचे तिघे भाऊही खेळाडू निघाले. त्यांची नावे शिवराम, गणपत आणि विठ्ठल. इतके होऊनही हिंदू संघाचे कर्णधारपद बाळूंना मिळाले नाही. १९२० साली कर्णधार आजारी पडले, तेव्हाही पालवणकरांना डावलून दुसऱ्याला पुढे केले. मग विठ्ठल आणि शिवराम यांनी खेळायला साफ नकार दिला. हा अन्याय आहे, असे त्यांनी जाहीर सांगितले. तेव्हा बाळूंना संघात घेऊन उपकर्णधार करावे लागले. पुढे १९२३ साली विठ्ठल कर्णधार झाले, आणि त्यांच्या संघाने साहेबांना हरवले. थोरल्या भावाला जे मिळाले नाही, ते धाकट्याने मिळवले.

उतारवयात बाळू राजकारणात पडले. १९३७ च्या निवडणुकीत ते काँग्रेसकडून डॉ. आंबेडकरांच्या विरुद्ध उभे राहिले आणि हरले. दोघांचे मार्ग तेव्हा वेगळे झाले होते. १९५५ साली मुंबईत बाळूंचे निधन झाले.

बाळूंची कला कोणाला नाकारता आली नाही. तिचा उपयोग सगळ्यांनी करून घेतला. मान द्यायची वेळ आली की हात आखडला. भावांनी 'नाही' म्हटले, तेव्हा कुठे दार किलकिले झाले.

आता आपण आपल्या गावाकडे पाहू. कामाला बोलावतो, पण पंगतीला बोलावत नाही, असे आपल्याकडे कोणाच्या वाट्याला येते का? आज रात्रीच्या वर्गात याविषयी बोला.