जुन्या चित्राला आवाज कोणाचा?

पडद्यावर गांधीजी दिसले की आम्हां रोहणेकरांची मान ताठ होते. सेवाग्राम आमच्याच जिल्ह्यातले ना! पण पडद्यावर चालणारे गांधीजी आणि त्याच वेळी ऐकू येणारा त्यांचा आवाज पुष्कळदा एका दिवसाचे नसतात. ही जोड घालणारा एक कारागीर असतो. त्याच्याविषयी चार शब्द सांगावयाचे आहेत.

१९३० च्या दांडीयात्रेची आपण पाहतो ती चित्रे मूक आहेत. पुढे १९३१ साली गोलमेज परिषदेसाठी गांधीजी लंडनला गेले, तेव्हा कोलंबिया कंपनीने त्यांचे ईश्वरावरील इंग्रजी भाषण तबकडीवर उतरविले. आता कोणी तो आवाज दांडीच्या चित्रावर चढविला, तर आवाज खरा, चित्रही खरे. पण जोड खोटी! म्हणून हा आवाज कोणाचा, कोठला, केव्हाचा, याचा छडा लावणे हे या कारागिराचे पहिले काम. विठ्ठलभाई झवेरी यांच्या १९६८ च्या 'महात्मा' या पाच तासांहून मोठ्या अनुबोधपटासारख्या जुन्या चित्रांवर उभ्या राहणाऱ्या कामात या चौकशीवाचून पाऊल पुढे पडत नाही.

दुसरे काम गतीचे. मूकपटाच्या काळी सेकंदाला साधारण १६ ते १८ चित्रे घेत. बोलपटात ती २४ झाली. जुनी फीत नव्या गतीने फिरविली की माणसे तुरुतुरु पळू लागतात. तबकडीचेही तसेच. ती मिनिटाला ७८ फेरे घेते. फेरे वाढले की भारदस्त आवाज चिरका होतो.

तिसरे काम सफाईचे. लाखेत दगडाची पूड कालवून तबकड्या करीत. पोलादी सुईने त्या झिजत आणि खरखरत. ती खरखर काढावी, पण बेताने. अधिक घासले तर बोलणाऱ्याचा श्वासही निघून जातो. म्हणून मूळ प्रत जशीच्या तशी ठेवून सफाई दुसऱ्या प्रतीवर करावी.

हे सारे आम्हांला का महत्त्वाचे वाटते? आमच्या कामगारांनी एकदा तोंडाला काळ्या फिती बांधून मूक मोर्चा काढला होता. पुढे कोणी त्याचा चित्रपट केला. पाहतो तो आमच्या मुक्या रांगांतून घोषणा उठताहेत! घोषणा चांगल्याच होत्या, पण त्या दुसऱ्याच मोर्चाच्या. शेजारी बसलेला म्हातारा कामगार हळूच म्हणाला, "भाऊ, आपण त त्या दिवशी बोललोच नाही ना!" त्या दिवशी न बोलणे हेच आमचे बोलणे होते, आणि तेच पुसले गेले.

जाणत्या कारागिराने तेथे शांतताच ठेवली असती. त्याचे नाव चित्रपटाच्या शेवटी बारीक अक्षरांत येते, आणि तोवर आपण चपला शोधीत असतो. यापुढे क्षणभर थांबून ते नाव वाचावे. आणि जुने चित्र बोलू लागले की विचारावे, हा आवाज याच दिवसाचा काय?