अज्ञान राणी, सज्ञान गुन्हा

उज्जैनचे गोपाळ मंदिर बायजाबाई शिंदे यांनी बांधले. त्याचे चांदीने मढवलेले दरवाजे मूळचे सोमनाथचे आणि महादजी शिंद्यांनी ते परत आणले, अशी इथली परंपरा आहे. सोमनाथच्या दरवाजांचा मोह गव्हर्नर जनरल लॉर्ड एलनबरो यांनाही होता. 1842 मध्ये त्यांनी गझनीहून मोठ्या गाजावाजाने आणवलेली जोडी खोटी निघाली आणि आग्र्याच्या किल्ल्यात पडून राहिली. पुढच्याच वर्षी हेच एलनबरो आग्र्याहून शिंद्यांच्या राज्यावर चालून गेले. त्यांच्यासमोर होती महाराणी ताराबाई, जेमतेम बारा-तेरा वर्षांची.

7 फेब्रुवारी 1843 रोजी तिचे पती, महाराज जनकोजीराव शिंदे, निपुत्रिक वारले. उज्जैन मागे पडून शिंद्यांची राजधानी ग्वाल्हेरच्या लष्कर या भागात स्थिरावल्याला तेव्हा तीन दशके झाली होती. विधवा ताराबाईने आठ वर्षांच्या भागीरथरावाला दत्तक घेतले, तोच जयाजीराव. आई तेराची, मुलगा आठाचा! कारभार मामासाहेब कदमांकडे जावा अशी एलनबरोंची इच्छा होती. दरबाराने काही महिन्यांतच मामासाहेबांना घालवले आणि राणीच्या बाजूचे दादा खासगीवाले कारभारी झाले. इंग्रजांना हा आपला अपमान वाटला.

खरी चिंता वेगळीच होती. सप्टेंबरात लाहोरला शीख महाराजा शेरसिंगांचा खून झाला होता. उत्तरेला खालसा फौज, पाठीशी शिंद्यांची कवायती पलटण आणि तोफखाना; या कात्रीत सापडायची एलनबरोंची तयारी नव्हती. त्यांनी 1804 चा बऱ्हाणपूरचा तह बाहेर काढला. या तहाने शिंद्यांना मागणी केल्यास इंग्रजी फौजेची मदत मिळणार होती. राजा अज्ञान, त्याला मागणी करता येत नाही, म्हणून त्याच्या वतीने आम्हीच येतो, असा हा युक्तिवाद. दरबाराने दादा खासगीवाल्यांना इंग्रजांच्या स्वाधीन केले, तरी फौजेने चंबळ ओलांडलीच.

29 डिसेंबरला महाराजपूर आणि पनियार येथे एकाच दिवशी लढाया झाल्या. एकट्या महाराजपुरात इंग्रजांचे सुमारे आठशे लोक मेले वा जखमी झाले. शिंद्यांचे गोलंदाज तोफांजवळून हटले नाहीत. 13 जानेवारी 1844 च्या तहाने शिंद्यांची फौज नऊ हजारांवर आणली. ताराबाईला वर्षाला तीन लाखांची नेमणूक देऊन कारभारातून दूर केले. इंग्रज रेसिडेंटच्या सल्ल्याने चालणारे पालकमंडळ नेमले गेले. राणीचे राजकीय आयुष्य अकरा महिन्यांत संपले.

त्याच 1843 च्या नोव्हेंबरात माद्रिदमध्ये तेरा वर्षांच्या इसाबेल दुसरीला स्पेनच्या संसदेने सज्ञान ठरवले, कारण तिथल्या राजकारणाला पालकमंडळ नको होते. ग्वाल्हेरात पालकमंडळ हवे होते, म्हणून तेवढ्याच वयाची मुलगी अज्ञान ठरली. गंमत अशी की राज्य करायला लहान असलेली हीच मुलगी दरबारच्या कारस्थानांचे खापर फोडून घेण्याइतकी मात्र मोठी धरली गेली. दोन्हीकडे वयाचा हिशेब मुलींच्या जन्मतारखेवरून नव्हे, सत्तेच्या सोयीवरून झाला.

या सोयीची किंमत पुढे इंग्रजांनीच मोजली. शिंद्यांची स्वतःची फौज कापून त्यांनी शिंद्यांच्याच खर्चाने, पण गोऱ्या अधिकाऱ्यांच्या हाताखालची ग्वाल्हेर कंटिन्जंट वाढवली. जून 1857 मध्ये मुरारच्या छावणीत तीच उठली आणि नोव्हेंबरात तात्या टोप्यांच्या नेतृत्वाखाली तिने कानपुरात जनरल विंडमला मागे रेटले.