पाण्यातलं चॉकलेट: मेक्सिकोची चव सिंगापुरात ओळखताना

सिंगापूरहून परतणाऱ्या मराठी माणसाच्या बॅगेत चॉकलेटची पाकिटं असायचीच. लिटल इंडियात सय्यद अल्वी रोडवरचं मुस्तफा सेंटर हे त्या खरेदीचं ठरलेलं ठिकाण. ऑफिससाठी एक पाकीट, शेजाऱ्यांसाठी दोन, भाचरांसाठी वेगळं, असा हिशेब करत टोपल्या भरल्या जातात. चॉकलेटविषयीच्या आपल्या साऱ्या समजुती त्या टोपलीत सापडतात: ते युरोपचं, ते दुधाचं, ते जिभेवर लोण्यासारखं विरघळणारं आणि ते चघळून खायचं. मेक्सिकोच्या पारंपरिक चॉकलेटला ही मापं लावली की ते नापास होतं. पहिल्यांदा पिणारे बरेच प्रवासी म्हणतात, ‘पातळ आहे, खरखरीत आहे, खाली गाळ राहतो.’ तक्रार खरी असते, पण चूक कपात नसून मापात असते.

हे माप बदलायला थेट मेक्सिको गाठायची गरज नाही. ही परंपरा जहाजाने आशियात आली आणि तिची एक शाखा आज सिंगापूरच्या ऑर्चर्ड रोडवर भेटते. तिथवर जाण्याआधी काही गैरसमज दूर करायला हवेत.

पहिला युरोपचा. इक्वाडोरच्या दक्षिण भागात सुमारे 5300 वर्षांपूर्वीच्या भांड्यांत कोकोचे अंश सापडले आहेत. मेक्सिकोच्या पॅसिफिक किनाऱ्याजवळ कोको पिण्याचा पुरावा इ.स.पूर्व 1900च्या सुमाराचा आहे. युरोपने चॉकलेटला वडीचं रूप दिलं, तेही फार उशिरा. 1828 मध्ये नेदरलँड्समधल्या फान हाउटेन यांच्या दाबयंत्राने कोकोतलं तूप वेगळं काढता येऊ लागलं. 1847 मध्ये ब्रिस्टलच्या फ्राय कंपनीने साच्यात ओतलेली, चघळायची वडी आणली. म्हणजे ही वडी बोरीबंदर-ठाणे रेल्वेपेक्षा जेमतेम सहा वर्षांनी मोठी. दुधाचं चॉकलेट आणखी नंतरचं, 1870च्या दशकात स्वित्झर्लंडमध्ये डॅनिएल पीटर यांनी केलेलं. त्याआधीची हजारो वर्षं चॉकलेट म्हणजे प्यायची गोष्ट होती.

आणि पैसाही. 1545 सालच्या, मेक्सिकोतल्या त्लास्कालाच्या एका बाजारभावाच्या यादीत एका तमालेची, म्हणजे मक्याच्या वाफवलेल्या मुटक्याची, किंमत कोकोची एक बी अशी दिली आहे. चांगली टर्की कोंबडी 100 बियांना. बी हेच नाणं म्हटल्यावर खोटी नाणीही आली. साल तशीच ठेवून आत राजगिऱ्याचा लगदा किंवा मेण भरणाऱ्या ठकांची नोंद बेर्नार्दिनो दे साआगून या पाद्र्याने सोळाव्या शतकातच करून ठेवली आहे.

अ‍ॅझ्टेकांचा राजा मोक्तेसुमा रोज पन्नास पेले चॉकलेट प्यायचा आणि तेही कामोत्तेजक म्हणून, ही गोष्ट तर चॉकलेटच्या पाकिटांवरसुद्धा वाचायला मिळते. तिचा उगम बेर्नाल दियास देल कास्तियो या स्पॅनिश सैनिकाच्या आठवणींत आहे आणि त्या त्याने लिहिल्या घटनेनंतर अनेक दशकांनी. त्याने पाहिले ते फेसाळ कोकोचे पन्नासहून अधिक मोठे घडे, दरबारात आणलेले. ते एकट्या राजाने रिचवले असं तो म्हणत नाही. बायकांकडे जाताना राजा हे पेय घेतो, ही त्याने ऐकलेली वदंता होती, पाहिलेली गोष्ट नव्हे. मेजवानीच्या सरबराईचं वर्णन होतं, त्याचा पुढे एका माणसाचा विक्रम झाला.

मिरचीचं प्रकरण जरा गुंतागुंतीचं आहे. जगभरातल्या कॅफेंत ‘मेक्सिकन हॉट चॉकलेट’ मागवलं की हमखास तिखट काहीतरी समोर येतं. जुन्या पेयात मिरची पडत असे हे खरं, पण ती अनेक घटकांपैकी एक होती. व्हॅनिला, मध, रंगासाठी अचिओते, कानाच्या पाळीसारख्या पाकळ्यांचं एक सुगंधी फूल, असे कितीतरी प्रकार त्यात असत. आज दक्षिण मेक्सिकोतल्या वाहाका शहरात घरोघरी जे चॉकलेट पितात त्यात साखर, बदाम आणि दालचिनी असते, मिरची नसते. कोको आणि मिरचीची खरी जोडी जमते ती मोले नावाच्या दाट रश्शात, जेवणाच्या ताटात.

दालचिनीपाशी मात्र थांबायला हवं, कारण ती आपल्या बाजूची आहे. मेक्सिको जी दालचिनी वापरतो ती श्रीलंकेची. सिलोन दालचिनीचं सर्वांत मोठं गिऱ्हाईक म्हणजे मेक्सिको. आपल्याकडच्या डब्यात बहुधा जी असते ती जाड सालीची, तिखट चवीची कॅशिया. सिलोनची दालचिनी पातळ पापुद्र्यांची, बोटांनी चुरडता येणारी, वासाला सौम्य आणि गोडसर. कॅशिया टाकली तर कोको मागे पडतो आणि कपाला मसाला दुधाचा वास येतो. लिटल इंडियातल्या किराणा दुकानांत दोन्ही पाहून, नखाने तुकडा मोडून घेतला तर फरक लगेच कळतो.

आता दुधाबद्दल. वाहाकात आजही गिऱ्हाइकाला विचारतात, पाण्यातलं की दुधातलं? जुनी पद्धत पाण्याची. पाण्यातलं चॉकलेट म्हणजे काटकसर, हा समज साफ चुकीचा आहे. दुधातली स्निग्धता कोकोचे बारीक वास झाकून टाकते. पाण्यात बदाम, दालचिनी, भाजलेपणा आणि कोकोचा आंबटपणा वेगवेगळे कळतात. चव शिकायची असेल तर पहिला कप पाण्यातलाच घ्यावा.

त्या कपाची प्रतिष्ठा फेसावर ठरते. लाकडी, कोरीव, खाली कड्या असलेलं मोलिनियो उंच भांड्यात उभं धरून दोन तळहातांत फिरवतात. मराठी घरात याला वेगळं समजावून सांगायला नको, ती रवीच आहे. स्पॅनिश येण्यापूर्वी हेच काम उंचावरून एका भांड्यातून दुसऱ्यात धार धरून होत असे. माया लोकांच्या एका प्रसिद्ध चित्रित भांड्यावर उभी राहून अशी धार सोडणारी स्त्री दिसते. फेस वर असतो म्हणून ओठांना तो आधी लागतो आणि सुगंध सर्वांत जास्त तिथेच असतो. चमच्याने फेस मोडून ‘खालचं खरं चॉकलेट’ शोधणारा पाहुणा नेमकं सर्वोत्तम तेच बाजूला सारतो.

खरखरीतपणा हा मेक्सिकन चॉकलेटवरचा सर्वांत मोठा आणि सर्वांत अन्यायाचा आरोप. युरोपीय चॉकलेटचा मऊपणा हा कोकोचा गुण नसून यंत्राचा आहे. 1879 मध्ये रोडोल्फ लिंट यांनी बर्नमध्ये काँचिंगची पद्धत काढली: कोको, साखर आणि तूप तासन् तास, कधी दिवसभर घोटत राहायचं, म्हणजे कण जिभेला जाणवत नाहीत आणि आंबूस वास उडून जातात. मेक्सिकोतल्या पारंपरिक चॉकलेटला हा संस्कार होत नाही. तिथे मेताते असतो, तीन पायांचा, उतरता दगडी पाटा. बाई त्याच्यापुढे गुडघे टेकून बसते, खाली मंद निखारा ठेवते आणि दोन्ही हातांत धरलेलं दगडी लाटणं पुढे ढकलत राहते. उबेने बियांतलं तूप सुटतं, भुकटीचा लगदा होतो, मग त्यात साखर आणि दालचिनी वाटली जाते. साखरेचे दाणे पूर्ण विरघळत नाहीत, ते तसेच राहावेत अशीच अपेक्षा असते.

वाहाका शहरात आता हे काम बरंचसं गिरण्या करतात. ‘20 नोव्हेंबर’ नावाच्या बाजाराशेजारच्या मिना रस्त्यावर मायोर्दोमो, ला सोलेदाद यांसारख्या दुकानांत गिऱ्हाईक कोको, बदाम, साखर, दालचिनी आपापल्या प्रमाणात तोलून घेतं आणि समोर दळून घेतं. गरम, ओला लगदा पिशवीत घालून लोक घरी नेतात आणि तिथे वड्या थापतात. प्रत्येक घराचं प्रमाण वेगळं, जसं आपल्याकडे गोडा मसाल्याचं. आणि हा सगळा कोको वाहाकाच्या खोऱ्यात पिकत नाही. तो मुख्यतः ताबास्को आणि चियापास या दमट प्रांतांतून येतो. मेक्सिको जगाचा मोठा कोको उत्पादकही नाही. जगातल्या कोकोचा निम्म्याहून अधिक वाटा पश्चिम आफ्रिकेतल्या आयव्हरी कोस्ट आणि घाना या दोन देशांचा.

सिंगापुरात हे कुठे भेटतं? उत्तर फिलिपिन्समार्गे मिळतं. 1565 ते 1815 अशी अडीचशे वर्षं स्पॅनिश गलबतं मेक्सिकोच्या आकापुल्कोहून मनिलाला जात होती. मनिलाकडून रेशीम आणि चिनी मातीची भांडी, मेक्सिकोकडून चांदी, आणि त्याच वाटेने कोकोचं झाड आणि चॉकलेट पिण्याची रीत फिलिपिन्सला पोहोचली. या व्यापारावर सिंगापूरच्या एशियन सिव्हिलायझेशन्स म्युझियमने 2023-24 मध्ये एक स्वतंत्र प्रदर्शनच भरवलं होतं. फिलिपिन्समध्ये कोको भाजून, वाटून त्याच्या गोल चकत्या करतात, त्या ताब्लेया. त्या गरम पाण्यात सोडून बातिरोल नावाच्या लाकडी घुसळणीने फेस काढतात. मेक्सिकोची पद्धत, जवळजवळ जशीच्या तशी.

सिंगापुरातले फिलिपिनी कामगार रविवारी ऑर्चर्ड रोडवरच्या लकी प्लाझात जमतात. तिथली किराणा दुकानं आणि खाणावळी ही ताब्लेया शोधण्याची जागा. चाम्पोरादोही तिथेच विचारावा. मेक्सिकोत हे पेय मक्याच्या पिठाने दाट करतात. फिलिपिन्समध्ये मक्याची जागा चिकट तांदळाने घेतली आणि पेयाची खीर झाली. सोबत तोंडी लावायला खारवलेला सुका मासा. गोड खिरीशेजारी सुकी मासळी हे ऐकून घाटावरचा माणूस दचकेल, पण कोकोच्या कडवटपणाला खारटपणा उठाव देतो. शाकाहाऱ्याने नुसती खीर घ्यावी, काही बिघडत नाही.

दाट की पातळ, हाही फिलिपिन्समधला जुना प्रश्न. फिलिपिनी लेखक होसे रिसाल यांच्या 1887च्या ‘नोली मे तांगेरे’ या कादंबरीत एका पाद्र्याच्या घरी मानाच्या पाहुण्याला दाट आणि किरकोळ पाहुण्याला पातळ चॉकलेट द्यायची खूण ठरलेली आहे. हेच रिसाल 1882 मध्ये युरोपला जाताना सिंगापुरात उतरले होते. नदीकाठी, एशियन सिव्हिलायझेशन्स म्युझियमजवळ त्यांची स्मृतिशिला आहे.

ताब्लेया आणि वाहाकाची वडी यांत एक फरक लक्षात ठेवावा. ताब्लेया अनेकदा निव्वळ कोकोची असते, साखर वरून घालायची. मेक्सिकोच्या बाजारू वडीत मात्र साखर हाच पहिला घटक असू शकतो. दोन्ही पारंपरिकच. त्यामुळे पाकिटावरचे टक्के पाहून दर्जा ठरवणं हा भाबडेपणा आहे. टक्के फक्त कोकोचं प्रमाण सांगतात. बी कुठली, आंबवली किती, भाजली कशी, यांतलं काहीही सांगत नाहीत. आंबवण्याचा मुद्दा तर फार मोलाचा. युरोपला जाणारा चांगला कोको पाच-सहा दिवस आंबवतात. त्याने कडवटपणा आणि तुरटपणा उतरतो, फळांसारखे वास येतात. मेक्सिकोत बराचसा कोको न आंबवता नुसता धुऊन वाळवतात. इंडोनेशियात सुलावेसीचा बराच कोकोही न आंबवलेला असतो. अशा बीची चव सरळ, मातकट, सुक्या मेव्यासारखी. ती कमी प्रतीची म्हणून झटकून टाकू नये. दालचिनी आणि बदामाशी तीच जुळते.

फरक जिभेवर बसवायचा तर दोन कप शेजारी ठेवून प्यावेत. सिंगापुरात फोसासारखे कारागीर बी भाजण्यापासून वडीपर्यंत सगळं स्वतः करतात. त्यांची एक साधी डार्क वडी गरम पाण्यात घुसळावी, दुसऱ्या कपात ताब्लेया. पहिल्यात आंबटपणा आधी येतो आणि पोत मऊ लागतो. दुसऱ्यात भाजका वास आधी, मग जिभेच्या कडांवर आवळ्यासारखा तुरटपणा, शेवटी कण. तुरट आणि कडू यांत गल्लत होते, म्हणून घोट गिळल्यावर जरा थांबावं: कडवटपणा ओसरतो, तुरटपणा गालांत राहतो. तळाचा गाळ टाकून देऊ नये. वाहाकात तो अंड्याच्या पिवळ्या बलकाच्या पावाने टिपून खातात.

विकत घेतलेल्या वडीवर पांढरट थर दिसला की बरेच जण ‘बुरशी आली’ म्हणून फेकतात. बुरशी केसाळ असते. हा थर बहुधा कोकोच्या तुपाचा किंवा साखरेचा असतो. पारंपरिक वडीला युरोपीय वडीसारखं विशिष्ट तापमानावर घोटून चकाकी दिलेली नसते, त्यामुळे ती मुळातच निस्तेज दिसते. कोकोचं तूप साधारण 34 अंशांना वितळतं आणि सिंगापूरची दुपार 31-32 अंशांची, हवाही दमट. म्हणून हॉटेलच्या फ्रिजमध्ये ठेवायचं तर हवाबंद डब्यात ठेवावं आणि बाहेर काढल्यावर डबा खोलीच्या तापमानाला आल्यावरच उघडावा. नाहीतर वडीवर दव धरतं, साखर विरघळून पुन्हा गोठते आणि डाग पडतात. प्यायच्या चॉकलेटला त्याने चवीत फारसा फरक पडत नाही.

सिंगापुरात जे मिळणं कठीण ते तेहाते. वाहाकाजवळच्या सान आंद्रेस वायापाम गावच्या बायका ते करतात: मका, कोको, मामेय फळाची भाजलेली बी आणि रोसिता दे काकाओ हे सुकं फूल, सगळं वाटून थंड पाण्यात हाताने घुसळायचं. वर पांढरा, जाड फेस तरंगतो. बाजारात मातीच्या मोठ्या परातीतून भोपळ्याच्या रंगवलेल्या वाटीत ते देतात, हवी तर साखरेच्या पाकासह. ते ताजंच प्यावं लागतं, वडी करून बॅगेत भरता येत नाही. चॉकलेट म्हणजे गरम पेय हा शेवटचा समज तिथे, वाहाकाच्या बाजारात उभं राहूनच पुसला जातो.