बांधाचा वाद आणि धंद्याचा परवाना

मंडळी, आजचा विषय तसा रुक्ष आहे. पण इथं नारायणगडाच्या परिसरात ज्याच्या शेतात एखादा धंदा उभा आहे, त्याच्या पोटाशी तो येतो. शेजाऱ्याशी बांधावरून वाजलं, त्यानं तहसीलला अर्ज टाकला. एवढ्यावर धंद्याचा परवाना निलंबित होतो का?

नुसत्या वादानं होत नाही. अर्ज म्हणजे हुकूम नव्हे. परवाना ज्या कायद्याखाली मिळाला, तो थांबवायचं कारण त्याच कायद्यात सापडावं लागतं. रस्त्यालगतचं हॉटेल घ्या. अन्नसुरक्षा कायदा 2006, कलम 32. आधी सुधारणेची नोटीस, तिला किमान 14 दिवसांची मुदत, तरी सुधारणा नाही तर निलंबन. लोकांच्या आरोग्याला धोका असेल तर कारण लेखी नोंदवून ताबडतोब. यात बांध कुठं आला? तुमच्या रश्श्याचा आणि शेजाऱ्याच्या धुऱ्याचा काही संबंध नाही!

खडी-मुरमाचं मात्र वेगळं आहे. तिथं परवानाच ठरावीक गटाचा आणि ठरावीक क्षेत्राचा असतो. हद्द ओलांडून उकरलं की ते अवैध उत्खनन, आणि जमीन महसूल अधिनियमाच्या कलम 48(7) प्रमाणे दंड बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत जातो. म्हणजे हद्दीचा वाद हाच परवान्याचा वाद होऊन बसतो.

याचं मोठं उदाहरण आंध्र-कर्नाटक सीमेवरचं. अनंतपूर जिल्ह्यात ओबळापुरम कंपनीच्या लोहखनिजाच्या खाणी. पलीकडं बळ्ळारी. खाण नेमकी कुठल्या राज्यात खणतेय, यावरच भांडण. नोव्हेंबर 2009 मध्ये आंध्र सरकारनं खाणकाम थांबवलं, हायकोर्टानं तो आदेश रद्द केला, मग 2010 मध्ये सुप्रीम कोर्टानं पुन्हा थांबवलं आणि हद्दीची पाहणी भारतीय सर्वेक्षण विभागाकडं गेली. पुढं वादात नसलेल्या भागात काम करायला परवानगी मिळाली. मला यातलं हेच महत्त्वाचं वाटतं. वाद पट्ट्याचा असेल तर थांबवायचा तो पट्टा, अख्खा धंदा कशाला? सुनावणीला उभे राहाल तेव्हा हे मागा, मागितल्याशिवाय कोणी देत नाही.

आता हद्द ठरवतं कोण? महसूल अधिनियमाच्या कलम 135 खाली जिल्हाधिकारी, चौकशी करून, दोघांचंही ऐकून. व्यवहारात सुरुवात उपअधीक्षक, भूमी अभिलेख यांच्याकडच्या मोजणीनं होते. मोजणी झाली की 'क' प्रत मिळते. ती पटली नाही तर निमताना मोजणी मागता येते. बीड 1948 पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होतं, त्यामुळं जुना नकाशा मागताना त्या काळचाही मागा. खुणेचे दगड नांगराखाली कधी गेले, हे आजोबांनाही आठवत नसतं. आणि एक लक्षात ठेवा, मोजणीनं रेघ कळते, मालकी नाही. मालकी दिवाणी कोर्टात.

खरी भीती तिथलीच. शेजारी दावा लावून तूर्तातूर्त मनाई मिळवू शकतो, आणि तो हुकूम परवाना शाबूत ठेवूनही मशीन बंद पाडतो. वादाची कुणकुण लागली की कॅव्हेट टाकून ठेवा. ते 90 दिवस चालतं, त्या काळात शेजाऱ्यानं असा अर्ज केला की कोर्ट तुम्हाला नोटीस काढतं. मुदत संपत आली की नवं टाकायचं. वकिलाला विचारा, खर्च फार नाही.