कात्रीतून निघालेला फड

रावेरच्या यात्रेत लहानपणी पाहिलेला तमाशा पहाटेपर्यंत चालायचा. पुढे टुरिंग टॉकीजच्या तंबूत ‘सांगत्ये ऐका’ पाहिला, तेव्हा पहिले कोडे पडले ते वेळेचे. रात्रभराचा फड एका खेळात बसवला कसा? उत्तर बऱ्याच वर्षांनी हाती लागले. दिग्दर्शक अनंत माने मुळात संकलक होते.

1915 साली कोल्हापुरात जन्मलेले माने ‘प्रभात’मध्ये घडले. ए. आर. शेख तिथले नामांकित संकलक. त्याच विभागात मान्यांचा हात तयार झाला. ही वाट युरोपातही रुळलेली होती. ब्रिटनचा डेव्हिड लीन संकलनातून दिग्दर्शनात आला. इटलीच्या ब्रुनो माटेईने वर्षानुवर्षे दुसऱ्यांचे सिनेमे कापले आणि मग स्वतःचे भयपट काढले.

तमाशापटाला संकलकच का लाभावा, हे लावणीत कळते. गाणे आधी ध्वनिमुद्रित होते, चित्रीकरण मागाहून तुकड्यातुकड्यांनी. सेकंदाला 24 चौकटी, म्हणजे ढोलकीच्या दोन थापांत अर्धा सेकंद असेल तर हातात 12 चौकटी. दोन-तीन चौकटी इकडेतिकडे झाल्या की पाय तालाबाहेर पडलेला दिसतो, मग नाचणारी कितीही तयारीची असो. दुसरी गोष्ट प्रेक्षकाची. फडात नजर आपली आपण फिरवतो. पडद्यावर ती संकलक फिरवतो. नाचणारीचे पाऊल, लगेच पाटलाचा चेहरा, की गावातले अर्धे वैर न बोलता कळते.

‘सांगत्ये ऐका’ (1959) याच जोरावर उभा आहे. व्यंकटेश माडगूळकरांची पटकथा, ग. दि. माडगूळकरांची गीते, वसंत पवारांचे संगीत, जयश्री गडकर आणि हंसा वाडकर. गावाने दडपलेला अन्याय तमाशाच्या बोर्डावरूनच उघडा पडतो. पुण्याच्या विजयानंदमध्ये हा चित्रपट 131 आठवडे चालला. तमाशा पडद्यावर त्याआधीही आला होता. 1947चा ‘लोकशाहीर राम जोशी’ आहेच. पण साचा पक्का झाला तो इथे. पुढे ‘सवाल माझा ऐका’, ‘केला इशारा जाता जाता’, ‘एक गाव बारा भानगडी’. मधल्या काळातले ‘अवघाची संसार’ आणि ‘मानिनी’ हे घरगुती चित्रपटही त्यांचेच, हे तमाशापटाच्या गलबल्यात विसरले जाते. शांतारामबापूंच्या ‘पिंजरा’च्या (1972) लेखनश्रेयातही शंकर पाटलांबरोबर मान्यांचे नाव आहे, त्या कथेचे मूळ 1930च्या ‘द ब्लू एंजल’ या जर्मन चित्रपटात.

आता माझी तक्रार. ढोलकी फड आणि संगीत बारी या दोन वेगळ्या गोष्टी. फडात गण, गवळण, बतावणी आणि शेवटी वग. बारीत बैठकीतली लावणी. तमाशापटाने बारीतली नाचणारी उचलून फडाच्या बोर्डावर ठेवली आणि समोर पाटील बसवला. जोड इतकी सफाईदार की सांधा दिसत नाही. पण त्यामुळे तमाशा म्हणजे पाटील आणि नाचणारी, एवढेच शहरात रुजले. हा दोष एकट्या मान्यांच्या माथी मारणे अन्याय होईल. नक्कल करणाऱ्यांना त्यांची कात्री नव्हती, फक्त त्यांचा पाटील होता.

कापले गेले ते मात्र मला ठाऊक आहे. आमच्याकडचा सोंगाड्या बतावणीत समोरच्या माणसाच्या केळीचा भाव विचारायचा, तो उठून उत्तर द्यायचा, आणि वग अर्धा तास लांबायचा.