गाडीत चढताना झालेली इजा आणि मागे राहिलेला परिणाम : कोड लावायचा कसा?

आज आपण एक नेमका विषय घेतो आहोत. रेल्वेगाडीत चढताना माणूस पडला, इजा झाली, उपचार झाले, जखम भरली. पण काहीतरी मागे राहिलं. कुणाचा गुडघा पुरता वाकत नाही, कुणाचा पाय गेला आणि त्या नसलेल्या पायात अजून कळा येतात, कुणाला गर्दीचा फलाट पाहिला की दरदरून घाम फुटतो. असा माणूस तीन वर्षांनी ओपीडीत येतो. त्याच्या नोंदीत कोणता कोड लावायचा? आणि तो चुकला तर कोणाचं काय बिघडतं? एवढंच आज पाहू.

आधी थोडी पूर्वपीठिका. आयसीडी म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेचे रोगांचे आणि इजांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण. आज आपण त्याच्या दहाव्या आवृत्तीबद्दल, म्हणजे आयसीडी-१० बद्दल बोलतोय. भारतात मूळ आयसीडी-१० वापरतात. अमेरिकेने तिचे स्वतःसाठी बरेच वाढवलेले रूप तयार केले, ते आयसीडी-१०-सीएम. १ ऑक्टोबर २०१५ पासून ते तिथे लागू आहे. पुण्यात, नवी मुंबईत बसून अमेरिकेतल्या रुग्णालयांचे कोडिंग करणारी आपली मुले हे सीएम वापरतात. आजच्या विषयात या दोन रूपांमधला फरक फार महत्त्वाचा आहे, म्हणून तो आधीच सांगून ठेवतो.

चढताना, आत, की गाडीतून बाहेर?

इजा काय झाली हे एक कोड सांगतो आणि ती कशामुळे झाली हे दुसरा. या दुसऱ्या कोडला बाह्य कारणाचा कोड म्हणतात. रेल्वेच्या प्रवाशांसाठी व्ही ८१ हा गट आहे. त्यात व्ही ८१.४ म्हणजे गाडीत चढताना किंवा गाडीतून उतरताना झालेली इजा. व्ही ८१.५ म्हणजे गाडीच्या आत पडणे. व्ही ८१.६ म्हणजे गाडीतून खाली पडणे.

आता बघा, फलाट आणि पायरी यांच्यातल्या फटीत पाय गेला तर तो ८१.४. दारात लटकून जाताना धावत्या लोकलमधून पडला तर ८१.६. ऐकायला दोन्ही ‘गाडीतून पडला’ असेच वाटते आणि केसपेपरवर बहुतेक वेळा तेवढेच लिहिलेले असते. पण उपाय वेगळे आहेत. पहिल्यासाठी फलाटाची उंची आणि फट बघावी लागते, दुसऱ्यासाठी गर्दी आणि उघडी दारे. कारण वेगळे नोंदले, तरच उपाय वेगळा सुचतो.

सिक्वेला म्हणजे नेमकं काय?

सिक्वेला म्हणजे मूळ इजेचा तीव्र टप्पा संपल्यावर मागे उरलेला परिणाम. सीएममध्ये हे सातव्या अक्षराने दाखवतात. मूळ इजेवर सक्रिय उपचार चालू असतील तर ‘ए’. इजा भरून येण्याच्या काळातली नेहमीची तपासणी, ड्रेसिंग, व्यायाम यांसाठी ‘डी’. आणि मागे राहिलेल्या परिणामासाठी ‘एस’. व्ही ८१.४ मध्ये अक्षरे कमी पडतात, म्हणून मधल्या दोन रिकाम्या जागा ‘एक्स’ने भरायच्या. कोड होतो व्ही ८१.४ एक्सएक्सएस.

एक कल्पित रुग्ण घेऊ. सुटणाऱ्या लोकलमध्ये चढताना त्याचा पाय घसरला आणि डावा पाय गुडघ्याखाली जागीच तुटला. तीन वर्षांनी तो नसलेल्या पायातल्या वेदनेसाठी आला आहे. क्रम असा लावायचा :

पहिला कोड, आज त्याला जो त्रास आहे त्याचा. वेदनेसह फँटम लिंब, जी ५४.६.

दुसरा, ज्या इजेतून हा त्रास आला तिचा. गुडघा आणि घोटा यांच्यामध्ये डावा पाय पूर्ण तुटणे, एस ८८.११२एस.

त्यानंतर बाह्य कारण, व्ही ८१.४ एक्सएक्सएस. बाह्य कारणाचा कोड कधीही पहिला येत नाही, हे पाठच करून ठेवा.

शिवाय पाय नाही ही स्थिती सांगणारा झेड ८९.५१२ जोडता येतो. पण तो एकटा लावून थांबू नका. त्यातून पाय नाही एवढेच कळते. तो मधुमेहाने गेला की गाडीखाली, ते कळत नाही.

इथे एक बारकावा आहे. पाय जागीच तुटला की चेंगरला आणि नंतर शस्त्रक्रियेत कापावा लागला? दुसरे असेल तर मूळ इजा चेंगरण्याची. मग एस ८८ ऐवजी डाव्या पायासाठी एस ८७.८२एक्सएस. हे ठरवायला जुने डिस्चार्ज कार्ड लागते. अंदाजाने ठरवू नये, डॉक्टरांना विचारावे.

तीन नेहमीचे गोंधळ

पहिला गोंधळ ‘डी’ आणि ‘एस’चा. फिजिओथेरपीला आला म्हणजे सिक्वेला, असे नाही. मूळ हाड अजून भरून येत आहे आणि कुठलाही कायमचा परिणाम डॉक्टरांनी लिहिलेला नाही, तर ‘डी’. सांधा आखडला आहे आणि तो त्या फ्रॅक्चरमुळे आखडला असे लिहिले आहे, तर ‘एस’.

दुसरा गोंधळ मुदतीचा. सीएममध्ये सिक्वेलाला कालमर्यादा नाही. परिणाम दोन महिन्यांत दिसो की वीस वर्षांनी, तो सिक्वेलाच.

तिसरा, जुन्याची आणि ताज्याची सरमिसळ. बाह्य कारणाचा ‘एस’ कोड त्याच इजेच्या चालू कोडबरोबर लावत नाहीत. अपघाताची जागा आणि त्या वेळी माणूस काय करत होता, हे कोडही पहिल्या उपचाराच्या वेळी एकदाच लावतात. तीन वर्षांनंतरच्या भेटीत ते पुन्हा लावायचे नाहीत.

आपल्याकडे हा धागा कुठे तुटतो?

आता मूळ आयसीडी-१० कडे येऊ, म्हणजे आपल्या घरच्या नोंदींकडे. इथे सातवे अक्षर नाही. इजांच्या मागे राहिलेल्या परिणामांसाठी टी ९० ते टी ९८ हा वेगळा गट आहे. पाय चेंगरला किंवा तुटला असेल तर टी ९३.६, मज्जारज्जूची इजा असेल तर टी ९१.३, मेंदूची असेल तर टी ९०.५. डॉक्टरांनी ‘उशिराचा परिणाम’ म्हणून लिहिलेले किंवा इजेनंतर एक वर्ष उलटल्यावरही टिकून असलेले, ते सगळे या गटात येते.

पण बाह्य कारणाचे काय? तिथे आहे वाय ८५.९. त्याचा अर्थ, मोटार वाहने सोडून इतर आणि अनिर्दिष्ट वाहतूक अपघातांचे मागे राहिलेले परिणाम. म्हणजे रेल्वे, बोट, विमान सगळे एका पोत्यात. पहिल्या दिवशी आपण व्ही ८१.४ लिहून ‘चढताना’ हा तपशील जपलेला असतो. वर्षभरानंतर तोच माणूस आला की तो तपशील कोडमधून निघून जातो. अमेरिकेच्या रूपात तो टिकतो, आपल्याकडे टिकत नाही.

मृत्यूंच्या आकडेवारीतही हेच दिसते. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या वार्षिक अहवालात रेल्वे अपघातांत गाडीतून पडणे आणि रुळांवर माणसांना धडक बसणे हे एकाच रकान्यात येते. त्यात चढताना पडलेले वेगळे दिसत नाहीत. आणि जे वाचले, पण हात-पाय गमावून बसले, ते तर मृत्यूंच्या यादीत येणारच नाहीत. त्यांची गणना व्हायची तर ती रुग्णालयाच्या नोंदीतूनच.

माणसाला याचा काय उपयोग?

रेल्वे अधिनियम १९८९ च्या कलम १२४-अ प्रमाणे गाडीतून अपघाताने पडलेल्या प्रवाशाला भरपाई मिळते आणि त्यासाठी रेल्वेची चूक सिद्ध करावी लागत नाही. आत्महत्येचा प्रयत्न, नशा असे काही अपवाद आहेत. गाडीत चढताना पडणेही यात येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली स्पष्ट केले. दावा रेल्वे दावा न्यायाधिकरणात अपघातापासून एका वर्षाच्या आत करायचा असतो; उशिराचे पुरेसे कारण दाखवले तर तो पुढेही घेता येतो.

कोड हा काही पुरावा नव्हे. पुरावा म्हणजे केसपेपरवरचे ते वाक्य, ज्यावरून कोड लागतो. ‘डावा पाय कापलेला, वेदना’ एवढेच लिहिले तर त्या माणसाचा त्या दिवसाशी, त्या गाडीशी असलेला संबंध कागदावर उरत नाही. मग तो सिद्ध करायला त्याला कुबड्या घेऊन लोहमार्ग पोलीस ठाणे आणि जुन्या रुग्णालयाचा रेकॉर्ड विभाग यांच्यात हेलपाटे घालावे लागतात.

म्हणून डॉक्टर मंडळींना आमची विनंती एका वाक्याची आहे. असे लिहा : ‘अमुक तारखेला, अमुक स्थानकात, लोकलमध्ये चढताना पडून झालेल्या इजेचा परिणाम म्हणून आजचा हा त्रास.’ तारीख, चढताना, आणि ‘परिणाम म्हणून’ हे तिन्ही त्यात हवे. आपल्या कोडमधून सुटणारा तपशील निदान कागदावर राहील.

कोडर मंडळींनी ते वाक्य नसेल तर डॉक्टरांकडे कागद परत पाठवावा. स्वतःच्या मनाने जोड लावू नये. आणि रुग्णांनी, त्यांच्या घरच्यांनी पहिले डिस्चार्ज कार्ड जपून ठेवावे, नव्या डॉक्टरांना दर वेळी दाखवावे. त्यावर अपघात कसा झाला ते लिहिलेले नसेल, तर ते लिहून द्यायला सांगावे. सांगायला संकोच करू नका.